इमादच्या जागी

खोटं कशाला बोलू, मी जळते. माझ्या धाकट्या जावेचं चांगलं झालेलं मला बघवत नाही. तिचं नाव अस्मा. स्वभावाने गरीब, तोंडाने गोड, आणि तेच मला जास्त टोचतं. खाष्ट असती तर मोकळेपणी भांडले असते, दोन महिने अबोला धरला असता, जिवाला बरं वाटलं असतं. पण ती भांडायला जागाच ठेवत नाही मेली.

सौदीत, जेद्दात आधी मी आले. शराफियातली जुनी बिल्डिंग, तिसरा मजला, लिफ्ट नाही. अस्मा चार वर्षांनी आली. सुरमई कुठल्या गल्लीत ताजी मिळते, इकाम्याची, म्हणजे इथल्या राहण्याच्या परवान्याची, तारीख कशी लक्षात ठेवायची, टॅक्सीवाल्याला उजवीकडे वळायला काय सांगायचं, सगळं मी शिकवलं तिला. मग माझ्या धाकट्या दिराला मोठ्या कंपनीत नोकरी लागली आणि अस्मा लिफ्टवाल्या बिल्डिंगीत राहायला गेली. आमचे हे, मोहियुद्दीन, कार्गोच्या दुकानात होते ते तिथेच राहिले. ठीक आहे म्हटलं, ज्याचं त्याचं नशीब. तिचा सोफा मी गिळला, नवी गाडी गिळली, दोन दारांचा फ्रीजसुद्धा गिळला. पोराचं मात्र गिळवेना.

माझा हाशम आणि तिचा इमाद, दोघांत आठ महिन्यांचं अंतर. हाशम मोठा. एक शाळा, एक कॉलेज, एकच फुटबॉलची टीम, आणि खेळायची जागाही एकच, सगळ्यात पुढे, गोल मारायची. आता एका जागेवर दोघं कसे उभे राहणार? इमाद खेळायचा आणि हाशम बाकावर बसायचा. लहानपणी बिल्डिंगीमागच्या गल्लीत ह्याच हाशमने त्याला बॉल अडवायला शिकवला होता. चार वर्षांत माझा पोरगा सगळा मिळून एकशे बारा मिनिटं मैदानात होता. हो, मोजली आहेत मी. आईने नाही मोजायची तर कुणी मोजायची?

आणि इमादचं काय विचारता. त्याने गोल मारला की अस्मा मिठाईचा डबा घेऊन तीन मजले चढून माझ्याकडे यायची. "भाभी, पहिला पेढा तुमच्या हातचा," म्हणून मलाच डबा उघडायला लावायची. मी पेढा तिच्या तोंडात घालायचे, हसायचे, आणि ती गेल्यावर भांडी आपटायचे.

आमच्या इकडच्या आठ खासगी कॉलेजांची ती लीग. जेद्दाची चार, बाकी मक्का, मदिना, तायफ अशी. वीस साली फेब्रुवारीत सुरू झाली, तीन मॅच झाल्या आणि कर्फ्यू लागला. कॉलेज मोबाईलमध्ये गेलं. पोरं घरात भिंतीवर बॉल मारून शेजाऱ्यांच्या शिव्या खायला लागली. नोव्हेंबरात लीग पुन्हा उभी राहिली ती लंगडतच. दोन कॉलेजांनी माघार घेतली. काही मॅच कुणाला तरी ताप आला म्हणून झाल्याच नाहीत. आमच्या पोरांचं कॉलेज फायनलला पोचलं, पण तारीख दोनदा पुढे गेली. शेवटी मार्चमधला एक बुधवार ठरला. प्रेक्षक नाहीत, खेळणाऱ्यांची दोनदा टेस्ट, आणि ज्याच्या मोबाईलवरच्या ॲपमध्ये हिरवं नाही त्याला गेटच्या आत पाऊल टाकायचं नाही.

हाशमची ही शेवटची मॅच होती. नुसती कॉलेजची नाही, शेवटचीच. ह्यांच्या दुकानाने निम्मी माणसं कमी केली होती, त्यात ह्यांचंही नाव होतं. मे महिन्यात आम्ही सगळं आवरून कोकणात, म्हसळ्याला परत चाललो होतो. तिथे जाऊन हा पोरगा काय फुटबॉल खेळणार, माझ्या भावाच्या दुकानात बसणार. आणि कोच, तो ट्युनिशियाचा तोंडाळ माणूस, त्याने पोरांना स्वच्छ सांगितलं होतं की फायनलला अकरांत बदल नाही. इमादला काही झालं तरच हाशम.

मला एकच हवं होतं. माझा पोरगा त्या दिवशी पहिल्या मिनिटापासून मैदानात हवा होता. नमाजात दुसरं काही मागितलंच नाही मी त्या महिन्यात.

फायनलच्या आधीच्या शुक्रवारी आम्ही नेहमीसारखे अस्माकडे जेवायला गेलो. जुम्म्याची नमाज झाली की घरातली पुरुषमाणसं एका मोठ्या थाळ्यात जेवतात, हा आमच्यात सासऱ्यांच्या आधीपासूनचा रिवाज. मध्ये भाताचा ढीग, चौघं चार बाजूंना, आणि सगळ्यांचे हात त्याच भातात. कर्फ्यूत तीन-चार महिने बंद ठेवलं होतं, मग कुणी काही न बोलता पुन्हा सुरू झालं. बाहेर आम्ही मास्क लावायचो, दुकानात जमिनीवरच्या खुणा बघून लांब लांब उभे राहायचो, आणि घरी येऊन एका थाळ्यात हात घालायचो. घरच्या माणसाचं कसलं लागतंय, असंच वाटायचं सगळ्यांना. आमच्या ओळखीतल्या कुठल्याही कोकणी घरात गेला असता तरी हेच दिसलं असतं.

त्या दिवशी थाळ्याला हे होते, धाकटे दीर होते, आणि दोन्ही पोरं. अस्मा इमादच्या मागे बसून त्याला आपल्या हाताने घास भरवत होती. बावीस वर्षांचा घोडा, आणि भरवतेय.

"फायनल खेळायचीय माझ्या राजाला," म्हणाली. मग एक घास हाशमच्या तोंडात घातला. "तू पण खा रे. देवाने दिली तर तुला पण मिळतील पाच-दहा मिनिटं."

पाच-दहा मिनिटं. तिने मनापासूनच म्हटलं असेल, पण माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. भीक घालतेस का ग माझ्या पोराला, असं ओठांवर आलं होतं. उठले आणि स्वयंपाकघरात गेले.

तिथे खिरीचं दूध गॅसवर होतं. थोड्या वेळाने अस्मा आली, पातेल्याजवळ उभी राहून वाट्या पुसायला लागली. दूध खाली लागलेलं, सगळ्या घरात करपलेला वास सुटलेला, आणि ही बाई पातेल्याशेजारी असून काही झालंच नाही अशी उभी.

"अगं अस्मा, दूध लागलं."

"कुठं? मला तर वास नाही आला." तिने घाईने गॅस बंद केला. "एसीने घसा धरलाय दोन दिवस. नाकही गेलंय वाटतं."

वास जातो म्हणजे काय, हे तोवर जेद्दातल्या शेंबड्या पोरालासुद्धा माहीत झालं होतं. चांगली बाई असती तर तिथेच म्हणाली असती, अस्मा, आधी टेस्ट करून ये. मी करपलेली खीर खाल्ली आणि छान झालीय म्हटलं.

शनिवारी सकाळी हे दुकानात गेले, हाशम प्रॅक्टिसला. मी कॉलेजच्या क्लिनिकचा नंबर लावला. फोनवर हैदराबादकडची बाई होती. मी हिंदीत सांगितलं, तुमच्या टीममधल्या इमादच्या आईचा वास गेलाय, आणि काल तिने त्याला आपल्या हाताने जेवण भरवलंय, एकाच थाळ्यातून.

"त्या थाळ्यात अजून कोण होतं?" तिने विचारलं.

"घरचेच."

"घरचे म्हणजे कोण कोण?"

हा प्रश्न येईल असं मला वाटलंच नव्हतं. मी अस्माचं नाव सांगितलं, दिरांचं सांगितलं, इमादचं सांगितलं. ह्यांचं आणि हाशमचं नाव घशाखाली ढकललं. "आपण कोण बोलताय?" तिने विचारलं तेव्हा मी फोन ठेवून दिला. मग भांडी घासायला घेतली. वाईट वाटत नव्हतं. मला आनंद झाला होता. असा आनंद की दाराला आतून कडी लावावीशी वाटली.

सोमवारी निकाल आला. अस्मा पॉझिटिव्ह. दीर आणि इमाद निगेटिव्ह, पण त्याच घरातले, म्हणून दोघांनाही घरात बसायचा हुकूम. इमादच्या ॲपवरचं हिरवं गेलं आणि फायनलमधून त्याचं नाव गेलं. संध्याकाळी कोचने हाशमला सांगितलं, तू सुरुवातीपासून.

मी शुकराना पढले, आभाराची नमाज. खरंच पढले.

तेवढ्यात अस्माचा फोन आला. आवाज बसलेला होता. मला वाटलं स्वतःच्या दुखण्याचं रडगाणं गाईल, पण ती इमादचंच बोलत राहिली. सकाळपासून पोरगा भिंतीकडे तोंड करून पडलाय, पाण्याचा घोटसुद्धा घेत नाही. आणि मग म्हणाली, "भाभी, सरकारी माणसांनी मला विचारलं, तुमच्याबरोबर अजून कोण जेवलं. मी म्हटलं, कुणी नाही. महिनाभर कुणी आलंच नाही आमच्याकडे. हाशमला खेळू दे. घरातलं एक तरी पोरगं खेळू दे."

मी "बरं" म्हटलं आणि "गरम पाणी पी" म्हटलं.

इकडे हाशमचं तोंड उतरलेलं. आमची पोरं आमच्याशी हिंदीतच बोलतात, कितीही मराठीत विचारा. म्हणाला, "अम्मी, मैं भी तो था उस थाले में."

"तुझी टेस्ट निगेटिव्ह आली ना? उद्या परत करणार ना? मग गप्प बस."

"क्लिनिक में किसी ने फोन किया था. सब लडके बोल रहे हैं." त्याने बूट कोपऱ्यात भिरकावला. "जिसने भी किया ना, मैं उसका मुँह नहीं देखूँगा."

मी त्याच्या पानात भाजी वाढली. त्याने ती खाल्ली नाही. मंगळवारची टेस्टही निगेटिव्ह आली, तरी तो जायला तयार नव्हता. शेवटी इमादनेच त्याला फोन केला. काय बोलला ते मला कळलं नाही, पण हाशम फोन ठेवून बूट पुसायला बसला. माझ्या सांगण्याने उठला नाही, त्याच्या सांगण्याने उठला. हे सुद्धा मला लागलं, बघा.

बुधवारी असरची, दुपारनंतरची नमाज झाल्यावर मॅच. आत सोडत नव्हते म्हणून सगळ्या घरच्यांनी मैदानाच्या जाळीला लागून गाड्या उभ्या केल्या होत्या. आम्ही दुकानाची व्हॅन घेऊन गेलो. हे उतरून बाकीच्या बापांमध्ये जाऊन उभे राहिले. मी जाळीशी उभी होते. टीम आत आली, आणि पाठीवर एकोणीस नंबर घेऊन माझा हाशम सगळ्यात पुढे जाऊन उभा राहिला. चार वर्षं ज्या जागेकडे मी डोळे लावून बसले होते, तिथे.

तेवढ्यात फोन वाजला. अस्माचा व्हिडिओ कॉल.

"भाभी, कॉलेजचं लाइव्ह चालत नाहीये. मला दाखवता का?"

आता काय म्हणणार. फोन जाळीला टेकवून धरला. त्यात तिचं सुजलेलं तोंड, मागे बंद दार, आणि दारापलीकडून इमादचा आवाज, "अम्मी, स्कोअर बोलो."

पहिल्या अर्ध्या वेळात हाशम हरवल्यासारखा खेळला. त्याच्या पायात दोनदा बॉल आला आणि दोनदा निसटला. एकदा तर गोलकीपर पडलेला, समोर मोकळा गोल, आणि ह्याने बॉल वरून मारला. शेजारच्या गाडीतला एक पाकिस्तानी बाप मोठ्याने म्हणाला, "नौ नंबर होता तो अब तक दो हो जाते." नऊ नंबर म्हणजे इमाद. माझ्या डोळ्यांत पाणीच आलं. ज्याच्यासाठी एवढं केलं तो जागेवर पोचला, तरी लोकांच्या तोंडी नाव त्याचंच.

"लाजतोय तो, भाभी," फोनमधून अस्मा म्हणाली. "येईल हळूहळू. कसलेलं पोर आहे."

शून्य-शून्यवर अर्धा वेळ झाला. पोरं लांब लांब बसून पाणी प्यायला लागली. मी फोन खाली घेतला, कट करणार होते.

"भाभी, एक बोलू?"

"बोल."

"क्लिनिकच्या बाईने मला एक नंबर वाचून दाखवला होता. हा तुमच्या ओळखीतला का, म्हणून विचारलं. मी नाही म्हटलं." ती खोकली. खोकला संपेपर्यंत मी तशीच उभी. "तुमचा नंबर मला पाठ आहे, भाभी. जेद्दात आले तेव्हा पहिला तोच पाठ केला होता."

मी मागे वळून बघितलं. हे तिकडे कोणाशी तरी हसत बोलत होते.

"रागावले नाही मी," ती म्हणाली. "ह्यांना साखरेचा आजार. मी तशीच घरात वावरत राहिले असते तर काय झालं असतं, अल्लाह जाणे. कळवलंत ते चांगलंच केलंत. पण मला सांगायचं होतं, भाभी. तुम्ही नुसतं म्हटलं असतं तरी मीच इमादला थांबवलं असतं. घरातलं घरात झालं असतं."

म्हणजे सोमवारी फोन केला तेव्हाच तिला माहीत होतं. माहीत असून तिने हाशमचं नाव वगळलं. एका शब्दात तिला फिट्टंफाट करता आलं असतं. मी असते तर केलं असतं. डोळ्याला डोळा, बस. मला त्या क्षणी तिने शिव्या द्यायला हव्या होत्या. मी वाट बघत होते शिव्यांची.

"सुरू झालं वाटतं," ती म्हणाली. "फोन जरा वर धरा. हाशम दिसत नाहीये."

मी फोन वर धरला. हात दुखायला लागला तरी खाली घेतला नाही.

सत्तराव्या मिनिटाच्या आसपास कोपऱ्यातून बॉल आला. चार-पाच पोरं एकावर एक पडली, कीपरने बॉल हाताने ढकलला, आणि तो हाशमच्या गुडघ्यावर आदळून आत गेला. बघण्यासारखा गोल नव्हताच तो. पण गोल होता. हाशम धावला नाही की नाचला नाही, दोन्ही हात डोक्यावर ठेवून उभाच राहिला. फोनमध्ये अस्मा एवढी ओरडली की खोकल्याने तिचा श्वास कोंडला. दारापलीकडे इमाद दार बडवत होता. "हाशम ने मारा? हाशम ने मारा ना?" आणि पोरगा रडत होता, पण ते रडणं दुःखाचं नव्हतं. तेवढं मला कळतं.

मॅच तिथेच संपली म्हणा. एक-शून्य. कप आमच्या कॉलेजचा.

पदकं वाटून झाल्यावर हाशम मास्क लावून धावत जाळीकडे आला. मी हात पुढे केला, पण त्याचं लक्ष माझ्या दुसऱ्या हातातल्या फोनकडे होतं.

"चाची! देखा ना?"

"बघितलं रे राजा, सगळं बघितलं."

तो जाळीला चिकटून तिच्याशीच बोलत राहिला. इमाद जेवला का, तिचा ताप किती आहे, सगळं विचारलं. मग एकदम गंभीर झाला. "चाची, पता चला किसने फोन किया था?"

आता बोलणार ही. हक्कच आहे तिचा. इतके दिवस दाबून ठेवलं, आता पोराच्या समोर बोलणार, आणि म्हसळ्याला जाईपर्यंत, म्हातारी होईपर्यंत हा पोरगा माझं तोंड बघणार नाही.

"कोण करणार?" अस्मा म्हणाली. "मीच केला होता. माझा वास गेला होता ना रे. बाकीच्यांच्या पोरांना लागलं असतं तर?"

हाशम बघतच राहिला. "आपने? इमाद का फायनल था, चाची."

"मग काय झालं. तू होतास ना."

त्याने डोळे पुसले, मास्कच्या वरून, हाताच्या पाठीने. मग माझ्याकडे बघून म्हणाला, "अम्मी, आप होतीं तो करतीं?"

काय काय बोलता आलं असतं मला. तोंड उघडलं की खरं बाहेर पडेल अशी जागा अल्लाहने समोर आणून ठेवली होती, फक्त एक वाक्य बोलायचं होतं. मला शरम वाटत होती, नाही असं नाही. पण शरमेच्या वर दुसरंच काहीतरी जळत होतं. गोल माझ्या पोराचा, पदक माझ्या पोराच्या गळ्यात, आणि तरी मी अस्मावरच जळत होते. सोफ्यावर जळले, गाडीवर जळले, ते सगळं चालून गेलं. पण ही बाई एवढं खोटं इतक्या सहज माझ्यासाठी बोलली, ते मला आयुष्यात जमणार नव्हतं.

"नाही," मी म्हटलं. "मी नसता केला."

"मालूम है," तो हसून म्हणाला आणि टीमकडे पळाला.

फोन चालूच होता. अस्माला धाप लागली होती. "भाभी," ती म्हणाली, "पदक नीट दिसलंच नाही मला. बोलवता का त्याला परत?"

मी हाशमला हाक मारली.